सिनेमाचं संगीत: चाल एकाची, गाणं उभं करणारा दुसरा

प्रश्न असा आला आहे: ‘मी सांगलीचा, वय 24. हार्मोनियमची विशारद झाली आहे. घरी लॅपटॉपवर लॉजिक हे रेकॉर्डिंगचं सॉफ्टवेअर वापरतो. पाच-सहा चाली तयार आहेत, मित्रांच्या दोन शॉर्ट फिल्मना पार्श्वसंगीत दिलंय. सिनेमाचा संगीतकार आणि म्युझिक प्रोड्युसर म्हणून पोट भरता येईल का? मुंबईला जावंच लागेल का, कोर्स करावा का, आणि पैसे नेमके कशाचे मिळतात?’

पोट भरता येतं. मी बरीच वर्षं तेच करते आहे: आधी दुसऱ्यांसाठी प्रोग्रॅमिंग (संगणकावर वाद्यं वाजवणं) आणि अरेंजिंग (चालीभोवती वाद्यं बांधणं), मग मराठी चित्रपटांचं पार्श्वसंगीत, मालिका, अधूनमधून गाणी. तुम्ही ‘संगीतकार आणि म्युझिक प्रोड्युसर’ असं एका दमात लिहिलंय. आज एकच माणूस दोन्ही करताना दिसतो हे खरं, तरी ही दोन कामं आहेत आणि तुमच्या सगळ्या प्रश्नांची उत्तरं त्यांच्यातल्या फरकात आहेत. आत शिरायला दार दुसऱ्या कामाचं उघडं असतं. कायद्याने मिळणारा हक्क मात्र पहिल्या कामाला चिकटलेला असतो. या कामावर आपण कोण म्हणून बसलोय, हे दर वेळी ज्याला ठाऊक असतं तो टिकतो. बाकीचे चाळिशीत ‘त्या हिट गाण्याचं सगळं मीच केलं होतं’ असं सांगत फिरतात.

गाणं बनतं कसं, ते आधी बघा. दिग्दर्शकाबरोबर सिटिंग होते, प्रसंग ऐकवला जातो. संगीतकार पेटीवर किंवा गिटारवर मुखडा बांधतो, शब्द आले नसतील तर डमी शब्दांवर. फोनवर रेकॉर्ड केलेली ती मिनिटभराची फाइल म्युझिक प्रोड्युसरकडे येते. तिथून पुढे लय किती, पट्टी कोणती, कॉर्ड्‌स कुठे बदलतात, मुखड्यानंतरचा वाद्यांचा तुकडा म्हणजे एम1 आणि दोन अंतऱ्यांमधला एम2 कशाने वाजणार, गायकाच्या ओळींमधले फिलर कोणाचे, ताल कसा चालणार, हे सगळं तो ठरवतो. गाईड ट्रॅक बनवतो, वादक बोलावतो, गायकाचं डबिंग (आवाजाचं रेकॉर्डिंग) घेतो, पाच टेकमधून एक सलग टेक शिवतो आणि सगळं नीट नावं घालून मिक्सिंग इंजिनिअरकडे पाठवतो. ऐकणारा ज्याला ‘काय साउंड आहे!’ म्हणतो, तो बहुतेक वेळा या माणसाच्या हातचा असतो. (निर्माता म्हणजे सिनेमात पैसे लावणारा. तो निराळा गृहस्थ, त्याच्याकडे पुढे येऊच.)

ही विभागणी संगणकामुळे झालेली नाही. 1950-60 च्या दशकांतल्या मुंबईत संगीतकार चाल ऐकवायचा आणि वाद्यवृंद बांधायचं काम अरेंजरकडे जायचं. गोव्यातल्या चर्चच्या शाळांमध्ये पाश्चात्त्य स्वरलेखन शिकून आलेली मंडळी यात पुढे होती. माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस, शंकर-जयकिशनच्या कित्येक गाण्यांमागे उभे असलेले सेबॅस्टियन डिसूझा, फ्रँक फर्नांड. व्हायोलिनच्या रांगेने काय वाजवायचं, ब्रास कुठे शिरायचं, हे ते प्रत्येक वादकासाठी वेगळ्या कागदावर लिहून द्यायचे. पडद्यावर त्यांचं नाव दिसलंच तर सहायक म्हणून, पुष्कळदा तेही नाही. आपल्याकडे अनिल मोहिले अरेंजर म्हणून गाजले आणि अनेक मराठी चित्रपटांचे संगीतकारही झाले. अशोक पत्कींनी वाद्यं वाजवली, दुसऱ्यांना साहाय्य केलं, जिंगल्सचा डोंगर उपसला. पुढे 2006 च्या चित्रपटांसाठीच्या राष्ट्रीय पुरस्कारांत ‘अंतर्नाद’ या कोकणी चित्रपटाच्या संगीताबद्दल त्यांचा गौरव झाला. ए. आर. रहमान आधी इतर संगीतकारांकडे कीबोर्ड वाजवत होते, जिंगल्स करत होते. 1989 मध्ये त्यांनी चेन्नईत घरालगत स्टुडिओ उभारला आणि 1992 मध्ये पहिला मोठा चित्रपट आला. या सगळ्यांत मला एक गोष्ट समान दिसते. दुसऱ्याची चाल उभी करता करता यांचे हात तयार झाले. म्हणून तुमच्या त्या पाच-सहा चाली जपून ठेवा, पण त्या घेऊन निर्मात्यांची दारं वाजवू नका. निर्मात्याला चाल ऐकून निर्णय घ्यायची सवय नसते, त्याला तयार गाणं ऐकायचं असतं.

आता हक्क. 1957 च्या कॉपीराइट कायद्यात चाल ही ‘संगीतकृती’ आहे आणि तिचा कर्ता संगीतकार. ती त्याने स्वरलिपीत लिहिलेली असो वा नसो, फरक पडत नाही. शब्द ही वेगळी कृती, ती गीतकाराची. रेकॉर्ड झालेलं गाणं म्हणजे ‘ध्वनिमुद्रण’, ही तिसरी गोष्ट, आणि तिचा कर्ता म्हणून कायदा पैसे लावणाऱ्या निर्मात्याला धरतो. मग म्युझिक प्रोड्युसर कुठे बसतो? आपोआप कुठेच नाही. त्याने बांधलेला एम1 लोक मूळ चालीपेक्षा जास्त गुणगुणत असले तरी नाही. त्याला मिळतं ते मानधन, एकदाच. एम1 मध्ये नवी सुरावट तुमची असेल तर सहसंगीतकार म्हणून वाटा मागता येतो, पण तो काम सुरू होण्याआधी आणि लेखी. गाणं गाजल्यावर मागितलात तर मैत्रीही जाते आणि वाटाही मिळत नाही. शिवाय ट्रॅकवर गिटार, कीबोर्ड, व्हायोलिन असं काही तुम्ही स्वतः वाजवलं असेल, तर वादक म्हणून कलावंताचा वेगळा हक्क असतो. तो कराराच्या कुठल्या तरी ओळीत सहज सोडून दिला जातो, म्हणून ती ओळ शोधून वाचा.

संगीतकाराची स्थिती 2012 नंतर पुष्कळ सुधारली. 1977 मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या एका निकालाने असं ठरलं होतं की, वेगळा करार नसेल तर सिनेमासाठी पैसे देऊन करून घेतलेल्या संगीताचा मालक निर्माता. त्यानंतर पिढ्यान्‌पिढ्या संगीतकारांनी एकरकमी पैसे घेऊन सह्या केल्या. 2012 च्या दुरुस्तीने एक गोष्ट बदलली: चित्रपटगृहात सिनेमाबरोबर वाजण्याचा अपवाद सोडला, तर इतर सगळ्या वापरांच्या रॉयल्टीतला संगीतकाराचा आणि गीतकाराचा समान वाटा आता करार करूनही काढून घेता येत नाही. टीव्ही, रेडिओ, स्ट्रीमिंग, हॉटेल, सगळं त्यात येतं. हा वाटा वारसांना देता येतो किंवा वसुलीसाठी कॉपीराइट सोसायटीकडे सोपवता येतो, निर्मात्याला किंवा म्युझिक कंपनीला नाही. तसं लिहिलेलं कलम निरर्थक ठरतं. तरीही ते कलम करारांत अजून सापडतं, आणि समोरचा ‘सगळे सही करतात हो’ असं म्हणतो. त्याला शांतपणे खोडायला सांगा. दुसरं, हक्क किती काळासाठी दिले हे करारात लिहिलेलंच नसेल तर कायदा 5 वर्षं धरतो, प्रदेश लिहिलेला नसेल तर भारत. म्हणून कंपन्यांच्या करारात ‘संपूर्ण मुदतीसाठी, संपूर्ण जगात’ हे शब्द हमखास असतात. चालीचा कॉपीराइट संगीतकाराच्या हयातीत आणि त्यानंतर 60 वर्षं टिकतो. तुम्ही 24 चे आहात, हिशेब तुम्हीच करा.

वसुली करणारी सोसायटी म्हणजे आयपीआरएस, इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटी. स्थापना 1969 ची, आणि 2017 पासून पुन्हा रीतसर नोंदणीकृत. गाणं प्रसिद्ध झालं की सभासद व्हा आणि प्रत्येक गाणं, कर्त्यांच्या नावांसह आणि वाट्यांसह, नोंदवा. सभासद होऊन गाणी न नोंदवणारे महाभाग मी पुष्कळ पाहिलेत. पार्श्वसंगीतासाठी क्यू शीट लागते: कोणता तुकडा कुठे सुरू होतो, किती सेकंद वाजतो, कोणाचा आहे. ही शीट निर्मितीसंस्थेने करावी अशी अपेक्षा असते आणि ती कोणीच करत नाही. मी माझी मीच भरते, फायनल मिक्स झाला त्याच आठवड्यात, डोक्यात ताजं असताना. सुरुवातीला यातून येणारे पैसे किरकोळ असतील. रॉयल्टी ही साठत जाणारी गोष्ट आहे, त्यावर पहिल्या वर्षाचं घरभाडं अवलंबून ठेवू नका.

आता दार कसं उघडतं. तुमच्यासारख्या मुलाला पहिलं काम मिळतं ते बहुधा एखाद्या चालू असलेल्या संगीतकाराच्या किंवा अरेंजरच्या खोलीत. काम ऐकायला फारसं काव्यात्म नाही. कालच्या डबिंगचे टेक ऐकून त्यांतली चांगली अक्षरं निवडायची. ढोलकीचा ट्रॅक क्लिकवर (लयीच्या नेमक्या ठोक्यावर) आहे का ते बघायचं आणि जिथे वादकाने मुद्दाम ओढलंय तिथे हात न लावायचा, हे कळायलाच वर्ष जातं. मिक्ससाठी ट्रॅक काढताना सगळ्या फाइल एकाच बिंदूपासून सुरू होतात का, त्यावर नकळत रिव्हर्ब (घुमण्याचा परिणाम) राहिला नाही ना, नावात गाणं, लय आणि आवृत्ती आहे का, हे तपासायचं. रात्री दहा वाजता ‘तो परवाचा मुखडा, जो आपण बदलला होता, तो आधीचा काढ’ असा फोन आला की तो दोन मिनिटांत काढून द्यायचा. या शेवटच्या वाक्यावर माणसाची नोकरी टिकते. फाइलींची शिस्त नसलेला प्रतिभावान मुलगा आणि शिस्त असलेला बेताचा मुलगा यांत संगीतकार दुसऱ्याला ठेवून घेतो. यात अन्याय काही नाही, कारण उद्या सकाळी नऊला गायक येणार असतो आणि स्टुडिओचं मीटर चालू असतं.

दोन आकडे घट्ट लक्षात ठेवा. पहिला सॅम्पल रेट, म्हणजे रेकॉर्ड करताना आवाजाचे सेकंदाला किती नमुने घेतले जातात तो. सिनेमाचं काम 48 किलोहर्ट्‌झवर होतं. गाण्यांच्या सवयीने तुम्ही 44.1 वर रेकॉर्ड केलेली फाइल कोणी न बदलता 48 च्या सेशनमध्ये (सॉफ्टवेअरमधल्या कामाच्या फाइलमध्ये) टाकली, तर ती पळते आणि जवळजवळ दीड सेमीटोन चढते. दुसरा आकडा फ्रेम रेट. सिनेमा सहसा सेकंदाला 24 फ्रेमचा असतो, टीव्हीचं काम 25 चं. एडिटरने पाठवलेला व्हिडिओ कोणत्या वेगाचा आहे ते विचारल्याशिवाय एक सूरही वाजवू नका. 24 चा प्रसंग 25 ने पळाला तर चार मिनिटांत साडेनऊ सेकंदांची तफावत पडते, आणि मग नायिका रडून उठून गेल्यावर तुमची सारंगी सुरू होते.

पार्श्वसंगीताबद्दल थोडं जास्त लिहिते, कारण तुमच्यासारख्यांचा खरा प्रवेश तिथून होतो असं माझं मत आहे. गाण्यांसाठी निर्मात्याला नाव हवं असतं. पार्श्वसंगीतासाठी त्याला वेळेत काम करणारा माणूस हवा असतो, कारण तोवर पैसेही संपलेले असतात आणि तारीखही. राष्ट्रीय पुरस्कारांतसुद्धा गाण्यांचं आणि पार्श्वसंगीताचं पारितोषिक 2009 च्या चित्रपटांपासून वेगवेगळं दिलं जातं. दोन्ही कसब वेगळी आहेत याची ही सरकारी कबुलीच.

काम स्पॉटिंगने सुरू होतं. दिग्दर्शक, एडिटर आणि तुम्ही सिनेमा थांबत थांबत बघता आणि संगीत कुठे सुरू होणार, कुठे संपणार ते ठरवता. तुकड्यांना नंबर पडतात: पहिल्या रिळातला पहिला म्हणजे 1एम1, असे. नवखा माणूस इथे ‘काय वाजवू’ याचा विचार करत बसतो. मी बहुतेक वेळ ‘इथे का वाजवू’ यावर घालवते. व्ही. शांताराम यांनी 1937 मध्ये ‘कुंकू’ पार्श्वसंगीताशिवाय केला, घरातले-रस्त्यावरचे आवाज वापरून, आणि तेही प्रभातकडे केशवराव भोळे यांच्यासारखा संगीतकार हाताशी असताना. आज तसं धाडस कोणी करत नाही, पण दिग्दर्शकाला ‘इथे नको’ म्हणण्याची हिंमत ठेवा. चांगला दिग्दर्शक त्यानंतर तुमचं जास्त ऐकतो.

मग येतो टेम्प ट्रॅक. एडिटरने कापताना परदेशी सिनेमाचं संगीत खाली लावलेलं असतं, दिग्दर्शकाने ते तीन महिने रोज ऐकलेलं असतं आणि त्याला आता दुसरं काही आवडत नाही. भांडू नका. त्याला विचारा, यातलं काय आवडतंय: वेग, सुरू होण्याची जागा, की तो खालचा घुमारा? उत्तर जवळजवळ नेहमी सुरावटीबाहेरचं असतं. ते ठेवा आणि सूर आपले लिहा. टेम्पची हुबेहूब नक्कल करायला सांगितलं तर करारातलं ‘सर्व संगीत मूळ असल्याची हमी’ हे कलम आठवा. दावा झाला की ती हमी देणारे तुम्ही असता, दिग्दर्शक त्यात नसतो.

हिशेबाचा भाग सोपा आहे आणि तो न करणारे लोक पाहून मला नवल वाटतं. समजा तुकडा सुरू झाल्यापासून 34.5 सेकंदांनी दार आपटतं आणि तिथे सम हवी. तुमच्या मनातली लय 80. त्या लयीत 34.5 सेकंदांत 46 मात्रा होतात, म्हणजे चार-चार मात्रांचे 11 बार आणि वर दोन मात्रा: दार बरोबर बारच्या मध्यावर आपटतं. लय 83.48 केली की 48 मात्रा भरतात, 12 बार पूर्ण, आणि दाराबरोबर सम. 80 आणि 83.48 यांतला फरक प्रेक्षकाला कळत नाही, अधांतरी पडलेलं दार मात्र कळतं. डीएडब्ल्यू, म्हणजे लॉजिकसारखं सॉफ्टवेअर, हे गणित करून देतो, तरी हाताने करून बघा, कारण कट बदलल्यावर एडिटर ‘फक्त 14 फ्रेम कापल्यात’ म्हणतो तेव्हा ते आपल्याला किती महाग पडणार हे लगेच कळलं पाहिजे. 80 च्या लयीत एक मात्रा 18 फ्रेमची असते. 14 फ्रेम गेल्या म्हणजे पाऊण मात्रेहून जास्त गेली आणि पुढची प्रत्येक सम घसरली.

संवादाखाली लिहिणं ही खरी परीक्षा. माणसाच्या बोलण्याची स्पष्टता, विशेषतः व्यंजनं, साधारण 2 ते 4 किलोहर्ट्‌झच्या पट्ट्यात असते. व्हायोलिनची धारही तिथेच, बासरीची फुंकही. फायनल मिक्सला संवाद झाकला गेला की मिक्सर संगीत खाली ओढतो, आणि तुमच्या कष्टाने लिहिलेल्या तारा कुजबुजायला लागतात. तो दोष मिक्सरचा नसतो. संवाद चालू असताना खालच्या सप्तकात लांब स्वर धरा, सुरावट दोन वाक्यांच्या फटीत घाला, गर्दी कमी करा. आणि सगळं एकत्र बांधलेली एकच फाइल कधी देऊ नका. ताल, तारा, सुरावट, घुमारे असे वेगळे स्टेम्स द्या, म्हणजे मिक्सरला एकच गोष्ट खाली घेता येते.

ओटीटीसाठी याहून काटेकोर मागण्या असतात. नेटफ्लिक्सच्या नियमात संवादावरून मोजलेली पातळी उणे 27 एलकेएफएसच्या (आवाजाच्या मोठेपणाचं एकक) दोन इकडे-तिकडे लागते, संवादाशिवायचा संगीत आणि इफेक्ट्‌सचा वेगळा ट्रॅक लागतो. यातलं बरंचसं मिक्सरचं काम असलं तरी तुमचे स्टेम्स नीट असल्याशिवाय त्याला ते करता येत नाही. मालिकांचं गणित आणखी वेगळं: शीर्षकगीत, आणि ताण, दुःख, संशय, चेष्टा अशा मूडप्रमाणे तयार तुकडे, जे एडिटर वर्षभर चिकटवत राहतो. कलात्मक समाधान बेताचं, पण तिशीच्या आत घरभाडं देण्याचा हा खात्रीचा मार्ग आहे.

वाद्यांबद्दल. सॅम्पल लायब्ररीत ‘इंडियन’ नावाच्या फोल्डरमध्ये जे तालवाद्य असतं ते बहुधा उत्तरेकडचा ढोल किंवा तबला असतो. त्यावर हलगीचा भास आणायचा प्रयत्न करू नका. तुम्ही सांगलीचे आहात, हलगी कशी बोलते हे तुमच्या प्रेक्षकाला तुमच्याइतकंच माहीत आहे. एक हलगीवाला, एक संबळवाला आणि एक चौंडकं वाजवणारा यांना अर्ध्या शिफ्टसाठी बोलावून घेतलेला एकच तास तुमच्या सगळ्या प्रोग्रॅमिंगला जिवंत करतो. पण तयारी हवी. हलगी शेकावी लागते, पावसाळ्यात पुन्हा पुन्हा, त्याची सोय आधी करा. एसी स्टुडिओत शेगडी आणू देणारा मालक शोधणं हे स्वतंत्र काम आहे. संबळ फार मोठा बोलतो, माइक लांब ठेवा. ढोलकी सुरात लावलेली असते, म्हणून गायकाची पट्टी पक्की झाल्याशिवाय ढोलकी घेऊ नका. गायकाने ऐन वेळी ‘अर्धा सूर खाली घेऊया का’ म्हटलं की रेकॉर्ड केलेली ढोलकी सबंध गाण्यात खटकत राहते, आणि पिच बदलून तिची जी अवस्था होते ती ऐकवत नाही.

तारांचा मोठा ताफा हवा असेल तर चेन्नई आहे, आणि बुडापेस्ट, प्राग, स्कोप्ये इथले ऑर्केस्ट्रा इंटरनेटवरून रेकॉर्डिंग देतात. तुम्ही इथे बसून ऐकता आणि सूचना देता. ‘सैराट’च्या वेळी अजय-अतुल थेट लॉस एंजेलिसच्या सोनी स्कोअरिंग स्टेजवर गेले, ते मराठी सिनेमाचं टोक. तिथे कागदावर लिहिलेल्या नोटेशनशिवाय काही चालत नाही, वादकाला गाऊन दाखवायची मुभा नसते. विशारद असल्याने तुम्हाला भातखंडे किंवा पलुस्कर लिपी येत असेल. स्टाफ नोटेशन (पाच रेघांवरची पाश्चात्त्य स्वरलिपी) वर्षभरात शिकून घ्या, गोव्याची ती मंडळी याच एका विद्येवर मुंबईत उभी राहिली.

पैसे. मराठीत बहुतेक काम पॅकेजवर होतं: ठरलेल्या रकमेत सगळं तुम्ही करायचं, उरेल ते तुमचं. समजा (आकडा केवळ हिशेबासाठी) चार गाणी आणि पार्श्वसंगीत मिळून 8 लाख ठरले. गायक 2 लाख, वादक दीड, स्टुडिओ 80 हजार, मिक्स-मास्टर 70 हजार, मदतनीस प्रोग्रॅमर 60 हजार. झाले 5 लाख 60 हजार. उरलेल्या 2 लाख 40 हजारांत तुमचे पाच-सहा महिने, वीज, प्रवास आणि दिग्दर्शकाने चौथ्यांदा बदलायला लावलेलं गाणं. म्हणून पॅकेज घेताना दोन गोष्टी लिहून घ्या: किती दुरुस्त्या रकमेत धरल्या आहेत, आणि कट पक्का झाल्यानंतर बदलला तर वेगळे पैसे. शक्य असेल तर गायकांचं मानधन पॅकेजबाहेर ठेवा. निर्मात्याला ऐन वेळी मोठं नाव सुचतं आणि त्याची किंमत तुमच्या वाट्यातून जाते.

हप्ते असे बांधा: सहीला एक भाग, गाणी दिल्यावर एक, पार्श्वसंगीताचं स्केच मंजूर झाल्यावर एक, आणि शेवटचा स्टेम्स द्यायच्या आधी. ‘रिलीजनंतर देतो’ हे वाक्य मी ज्या ज्या वेळी ऐकून घेतलं, त्यांतले पैसे अजून येत आहेत. ऐकवायला वॉटरमार्क केलेली एमपी3 पुरते, पूर्ण दर्जाच्या वेव्ह फाइली पैसे आल्यावर. यात उद्धटपणा काही नाही, मोठी माणसंही असंच करतात. उलाढाल 20 लाखांपुढे गेली की जीएसटी नोंदणी लागते आणि बिलावर 18 टक्के वेगळे लावावे लागतात, ‘सगळं धरून’ रक्कम ठरवलीत तर ते तुमच्या खिशातून जातील. एक बरा सीए लवकर गाठा.

विकतच्या लूप्सबद्दल, म्हणजे फिरवून फिरवून वाजवायच्या तयार तुकड्यांबद्दल, एक इशारा. तोच लूप जगात हजारो लोकांनी घेतलेला असतो. तो उघडा वाजवलात तर यूट्यूबची यंत्रणा तुमच्या गाण्यावर दुसऱ्याचा दावा दाखवते आणि म्युझिक कंपनीचा फोन तुम्हाला येतो. एआयने बनवलेल्या तुकड्यांचं तेच, किंबहुना जास्त, कारण ‘मूळ असल्याची हमी’ तुम्ही कशाच्या जोरावर देणार? दिग्दर्शकाला मूड दाखवायला वापरा, पुढे जाऊ देऊ नका.

कोर्सबद्दल माझं मत थोडं कडवट आहे. पुण्याच्या एफटीआयआय या फिल्म इन्स्टिट्यूटचा ध्वनीचा अभ्यासक्रम उत्तम, पण तो ध्वनिमुद्रण आणि साउंड डिझाइनचा आहे, संगीतरचनेचा नाही. चेन्नईचं रहमान यांचं केएम कॉन्झर्व्हेटरी 2008 पासून आहे, पाश्चात्त्य पद्धतीचा पाया पक्का करायचा असेल आणि घरची ऐपत असेल तर जा. तीन महिन्यांत ‘म्युझिक प्रोडक्शन’ शिकवणारे वर्ग सॉफ्टवेअरची बटणं दाखवतात, जी यूट्यूबवर फुकट आहेत. त्या पैशांत चांगले स्पीकर, बरा माइक आणि खोलीला थोडं ट्रीटमेंट घ्या. उरलेले पैसे हलगीवाल्याला द्या.

मुंबई की घर? सुरुवातीची तीन-चार वर्षं मुंबई किंवा पुणे, त्यानंतर कुठेही. पार्श्वसंगीत सांगलीत बसून करता येतं, फाइली तारेवरून जातात. पण कोणाच्या खोलीत मदतनीस म्हणून बसायचं तर ती खोली अंधेरीत नाही तर कोथरूडमध्ये असणार. पुण्यात खर्च कमी, मराठी नाटक-सिनेमाची माणसं जवळ, आणि एफटीआयआयची मुलं डिप्लोमा फिल्मसाठी संगीतकार शोधत असतात. मी तुमच्या जागी असते तर पुण्यापासून सुरुवात केली असती.

आणि जाताना शोरील, म्हणजे आपल्या कामाचे निवडक तुकडे, घेऊन जा. तीन मिनिटं, जास्त नाही. त्यात एक प्रसंग संवादाखालचा ठेवा, ज्यात संगीत जवळजवळ लक्षात येत नाही. एक असा, जिथे लय चित्राच्या घटनेवर येते. एक गाणं, तीस-चाळीस सेकंद, पण मुखड्यापासून, लांब सुरुवात कापून. मोठ्या सिनेमाच्या ट्रेलरवर आपलं संगीत चढवून पाठवणारे शेकडो आहेत, अरेंजर ते दहा सेकंदांत बंद करतात. तुमच्या त्या दोन शॉर्ट फिल्ममधलेच प्रसंग घ्या, आणि ज्याला पाठवाल त्याला सोबत एका प्रसंगाचं सेशन उघडून दाखवायची तयारी ठेवा. मी मुलाखतीला आलेल्या मुलांना तेच उघडायला लावते, आणि ट्रॅकची नावं ‘ऑडिओ 1, ऑडिओ 2’ अशी असतील तर पुढचं ऐकत नाही.